व्यायाम कोणासाठी?

महाबळेश्वर हे गाव आरोग्यासाठी वसविले गेले, हे येथील विद्यार्थ्यांस नव्याने सांगावयास नको. १८२८-२९ च्या सुमारास मुंबईचे गव्हर्नर सर जॉन माल्कम ह्यांनी सातारच्या प्रतापसिंह महाराजांकडून ही जागा मिळवून येथे आजारी माणसांसाठी आरोग्यस्थान उभारले, आणि त्यांच्याच नावावरून बाजारपेठेस माल्कमपेठ हे नाव पडले. तेव्हापासून आजतागायत लोक येथे हवापालट करण्यासाठी येत आहेत. त्यामुळे आपणां स्थानिक मंडळींची अशी एक गोड समजूत होऊन बसली आहे की, जेथे देशोदेशीचे लोक प्रकृती सुधारण्यासाठी येतात, तेथे जन्मास आलेल्या माणसास प्रकृतीची चिंता करावयाचे कारण नाही.

परंतु हवा कितीही निर्मळ असली तरी ती आपल्या वतीने हातपाय हालवीत नाही. वेण्णा तलावाच्या काठी संध्याकाळी उभे राहून पाहावे. पाहुणा घोड्यावर बसलेला असतो आणि घोडेवाला लगाम धरून चालत असतो. सहल होते ती बसणाऱ्याची. व्यायाम होतो तो चालणाऱ्याचा आणि घोड्याचा! पाहुण्यांस हसणे सोपे आहे. पण आपल्याच घरातील मुलगा बाजाराच्या एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत स्कूटरवरून जातो, आणि शाळेच्या गाडीतून उतरून दप्तरासह थेट बाकावर बसतो, तेव्हा हसावयाचे कोणास?

ह्या विषयावर लिहावयास आणखी एक निमित्त आहे. दरवर्षी शाळेचा क्रीडामहोत्सव थाटाने होतो. पालक येतात, टाळ्या वाजतात, पदके वाटली जातात. मीही त्या दिवशी हौसेने शिट्टी फुंकीत हिंडतो. तथापि बक्षिसांची यादी वाचताना गेली काही वर्षे एक गोष्ट मनास टोचते. त्या यादीत पुनःपुन्हा तीच आठ-दहा नावे येतात. धावण्यात जो पहिला, तोच लांब उडीत दुसरा. उरलेली शेकडो मुले मैदानाच्या कडेस बसून शेंगा खातात आणि ओरडतात. त्या दिवशी ती मुले एक धडा शिकून घरी जातात, तो असा की, व्यायाम हा चपळ मुलांचा विषय आहे, आपला नव्हे. हा धडा आम्ही शिक्षकच त्यांस शिकवितो, आणि तो ती जन्मभर विसरत नाहीत.

ह्या बाबतीत माझाही एक अपराध आहे; तो सांगितल्याशिवाय दुसऱ्यांस उपदेश करण्याचा मला अधिकार पोहोचत नाही. वीसएक वर्षांपूर्वी, नोकरीच्या आरंभीच्या काळात, मी दुसऱ्या एका शाळेत गणित शिकवीत असे व व्यायामाच्या तासावरही देखरेख करीत असे. वर्गात एक मुलगा होता. त्याचे एक पाऊल जन्मतः आत वळलेले होते. त्यास त्रास होऊ नये ह्या सद्हेतूने मी त्यास तासभर भिंतीवर बसवीत असे. तो गुण मांडी, इतर मुलांचे स्वेटर सांभाळी, आणि तेही इतक्या टापटिपीने की मी वर्गासमोर त्याची वाहवा करीत असे. आपण मोठे दयेचे काम करीत आहोत, असे मला वाटे. गेल्या वर्षी तो बाजारात भेटला. आता तो एका हॉटेलात हिशेबनीस आहे. दिवसभर खुर्चीवर बसतो. अंग सुटले आहे आणि मधुमेह जडला आहे. त्याच्या मधुमेहाचे कारण माझी ती भिंत होय, असे म्हणण्याइतका मी वेडा नाही. रोगाची कारणे अनेक असतात. परंतु डॉक्टरांनी त्यास चालण्याचा व हाताच्या व्यायामाचा सल्ला दिल्यावर तो मला जे बोलला, ते माझ्या कानांतून जात नाही. तो म्हणाला, “सर, मला शर्यत जिंकायची नव्हतीच. मला नुसते मैदानात बोलवायला हवे होते.”

व्यायाम कोणासाठी आहे, हा प्रश्न मी त्या दिवसापासून स्वतःस विचारीत आहे. ह्या लेखात त्याचे उत्तर देण्याचा यत्न करतो.

प्रथम शब्दांचा घोळ मिटविला पाहिजे. व्यायाम म्हटला की आपल्या डोळ्यांसमोर जोर-बैठका, तालीम, नाहीतर क्रिकेटचा संघ उभा राहतो. वस्तुतः शरीराच्या स्नायूंनी शक्ती खर्च करून केलेली कोणतीही हालचाल आरोग्याच्या हिशेबात जमा होते. पाणी भरणे, चढ चढणे, बागेत खणणे, लंगडी, फुगडी, पायी शाळेत येणे, हे सारे त्यात आले. १९५३ साली लंडन येथील डॉक्टर जेरी मॉरिस व त्यांचे सहकारी ह्यांनी प्रसिद्ध केलेले संशोधन ह्या बाबतीत फार बोधप्रद आहे. तेथील दुमजली बसगाड्यांचे चालक दिवसभर बसून असत व वाहक तिकिटे देण्यासाठी दिवसभर जिना चढत-उतरत. दोघे एकाच संस्थेचे नोकर. पण वाहकांमध्ये हृदयविकार कमी आढळला. चालक नोकरीस लागतानाच वाहकांहून स्थूल होते, असेही पुढे दिसून आले, म्हणून केवळ ह्या एका पुराव्यावर सर्व भार टाकता येणार नाही. परंतु त्यानंतर अनेक देशांत झालेल्या अभ्यासांनी मूळ गोष्ट पक्की केली आहे. ध्यानात घेण्याजोगे हे की, त्या वाहकांनी कोणतीही शर्यत जिंकली नव्हती. ते फक्त रोज जिना चढत होते.

आता प्रमाण किती असावे ते पाहू. जागतिक आरोग्य संघटनेने २०२० साली ह्याविषयी सुधारलेल्या शिफारशी प्रसिद्ध केल्या. अगदी लहान बालकांसाठीच्या शिफारशी त्या आधी २०१९ साली आल्या होत्या. पालकांनी त्या नीट वाचाव्यात म्हणून त्यांचा सारांश येथे देतो.

तान्ह्या मुलास जागेपणी दिवसातून थोडा थोडा वेळ मिळून निदान अर्धा तास पालथे खेळू द्यावे. एक ते चार वर्षांच्या मुलाने दिवसभरात सगळी मिळून तीन तास तरी हालचाल करावी. त्यास शांत ठेवण्यासाठी त्याच्या हाती मोबाइल देणे म्हणजे पाय फुटण्याच्या वयात पाय बांधणे होय. पाच ते सतरा वर्षांच्या मुलामुलींनी रोज सरासरी साठ मिनिटे दम लागेल अशी हालचाल करावी, आणि आठवड्यातून तीन दिवस तरी धावणे, उड्या मारणे, दोरीवर चढणे असे स्नायू व हाडे बळकट करणारे प्रकार त्यात असावेत. प्रौढांनी आठवड्यास दीडशे ते तीनशे मिनिटे मध्यम श्रमाची, किंवा पंचाहत्तर ते दीडशे मिनिटे जोराची हालचाल करावी, व दोन दिवस स्नायूंच्या बळकटीचे व्यायाम करावेत. पासष्टी उलटलेल्यांसही हेच माप आहे. शिवाय त्यांनी आठवड्यातून तीन दिवस तोल सांभाळण्याचा व शक्तीचा अभ्यास करावा, जेणेकरून पडण्याचे भय कमी होईल. गर्भवती स्त्रीची प्रकृती निर्वेध असेल तर तिनेही आठवड्यास दीडशे मिनिटे मध्यम हालचाल करावी, अशी शिफारस आहे. आणि ज्यांना एखादे अपंगत्व आहे, त्यांच्यासाठी संघटनेने वेगळे, कमी माप ठेवलेले नाही. त्यांच्या शक्तीस झेपेल त्या प्रकाराने त्यांनीही तोच पल्ला गाठावा असे सांगितले आहे. माझ्या त्या भिंतीला ह्याहून स्पष्ट उत्तर कोणते हवे?

मध्यम श्रम कोणता व जोराचा कोणता, हे ओळखण्यास यंत्र नको. चालता चालता बोलता येते पण गाणे म्हणता येत नाही, तो मध्यम श्रम. चार शब्दांनंतर श्वास घ्यावा लागतो, तो जोराचा. हे माप प्रत्येकाचे निरनिराळे असते, व त्यातच त्याचे शहाणपण आहे. सातवीतील मुलास विल्सन पॉइंटचा चढ म्हणजे खेळ वाटेल, तर त्याच्या आजोबांस घरापासून चौकापर्यंतचा सपाट रस्ताही तितक्याच मोलाचा ठरेल. पूर्वी दहा मिनिटांहून कमी हालचाल हिशेबात धरीत नसत. तीही अट आता उरलेली नाही. पाच मिनिटे जिना चढला तरी ती पाच मिनिटे जमा होतात. थेंबे थेंबे तळे साचे, ही म्हण आपण पैशाविषयी शिकवितो. ती येथेही तितकीच खरी आहे.

इतके सोपे असूनही घडते काय? शाळेत जाणाऱ्या अकरा ते सतरा वर्षांच्या मुलांपैकी जगात पाचांतील चार मुले हे रोजचे साठ मिनिटांचे माप पुरे करीत नाहीत, असे जागतिक आरोग्य संघटनेच्या पाहणीत २०१९ साली प्रसिद्ध झाले. भारतातील प्रौढांविषयी २०२४ साली जे आकडे आले, त्यांवरून २०२२ मध्ये सुमारे निम्मे लोक पुरेशी हालचाल करीत नव्हते. पुरुषांत हे प्रमाण शेकडा ४२ व स्त्रियांत शेकडा ५७ होते. २०२३ साली प्रसिद्ध झालेल्या भारतीय वैद्यक संशोधन परिषदेच्या पाहणीनुसार देशात मधुमेहाचे रोगी दहा कोटींच्या वर आहेत. असे एखादे घर आपल्या आळीत नाही, असे कोणी छातीवर हात ठेवून म्हणू शकेल काय?

पालकांचे आक्षेप मला ठाऊक आहेत. तेही विचारात घेऊ.

पहिला आक्षेप अभ्यासाचा. दहावीचे वर्ष आले की व्यायामाचा तास प्रथम कापला जातो. हे काम मी स्वतः केले आहे. भूमितीची प्रमेये राहिली म्हणून मुलांस मैदानावरून वर्गात परत आणले आहे. त्या तासांत जी मुले डुलक्या देत, त्यांस मी आळशी म्हणत असे. आज मला निश्चित वाटते की, तो तास हिरावून आम्ही गणिताचे भले केले नाही. ह्याच शिफारशींत असेही म्हटले आहे की, मुलांच्या नियमित हालचालीचा त्यांच्या बुद्धीच्या कामावर व मनःस्थितीवर चांगला परिणाम होतो. परीक्षेच्या वर्षी मनाचा ताण सर्वांत अधिक असतो, आणि नेमक्या त्याच वर्षी तो उतरविण्याचे साधन आपण काढून घेतो!

दुसरा आक्षेप मुलींविषयीचा. आठवी-नववीत आल्यावर पुष्कळ मुली मैदानावरून दिसेनाशा होतात. कोणी बंदी केलेली नसते. कोणी म्हणते, उन्हात रंग काळवंडतो, कोणी म्हणते, घरी कामाची निकड आहे. वर सांगितलेला शेकडा ५७ चा आकडा ह्याच वयापासून तयार होऊ लागतो. आपल्या आज्यांनी झिम्मा-फुगडी खेळता खेळता जो दम घालविला, तो व्यायाम नव्हता काय? सातारा जिल्ह्याच्याच माण तालुक्यातील मोही गावच्या ललिता बाबर २०१६ च्या रिओ ऑलिंपिकमध्ये तीन हजार मीटर अडथळ्यांच्या शर्यतीच्या अंतिम फेरीपर्यंत पोहोचल्या. दुष्काळी गावची मुलगी इतकी धावू शकते, तर आमच्या मुलींस निदान दोरीवरच्या उड्या मारण्यास कोणती आडकाठी आहे?

तिसरा आक्षेप असा की, आम्ही कष्टकरी माणसे. आम्हांस व्यायामाचे पुराण कशास? हा आक्षेप अर्धा खरा आहे, म्हणून मी त्यास मान देतो. स्ट्रॉबेरीच्या वाफ्यांवर दिवसभर वाकून राबणाऱ्या मातेस, अथवा घोड्यामागे दहा फेऱ्या घालणाऱ्या बापास, आणखी चालावयास जा असे सांगणे म्हणजे उपहास होय. श्रमाचे काम हिशेबात धरलेलेच आहे. अशा शरीरास हवी असते ती विश्रांती, आणि दिवसभर एकाच बाजूस वाकलेल्या पाठीस थोडा ताण देऊन मोकळे करणे. परंतु बापाचे कष्ट मुलाच्या खात्यावर जमा होत नाहीत. बाप दिवसभर चालतो, म्हणून खाटेवर पडून पडद्याकडे पाहणाऱ्या मुलाची छाती रुंद होत नाही.

चौथा आक्षेप पावसाचा, व तो येथे खोटा नाही. वर्षाला सहा हजार मिलिमीटरांच्या आसपास पाऊस जेथे कोसळतो, तेथे जून ते सप्टेंबर मैदान असून नसल्यासारखे होते. वाटा शेवाळाने निसरड्या होतात आणि वृद्धांनी तर बाहेर न पडणेच बरे. पण घराच्या चार भिंतींत करण्याजोगे थोडे का आहे? आपल्याच जिल्ह्यातील औंध संस्थानचे अधिपती बाळासाहेब पंतप्रतिनिधी ह्यांनी गेल्या शतकाच्या पूर्वार्धात सूर्यनमस्कारांचा प्रसार शाळाशाळांतून केला, तो ह्याच हेतूने की एका सतरंजीएवढ्या जागेत, काही खर्च न करता, मुलामुलींचे सर्वांग हालावे. ज्यास तो प्रकार नको असेल त्याने लेझीम घ्यावी, दोरी घ्यावी, जिना घ्यावा. आजीने भिंतीस हात टेकून एका पायावर दहा अंक मोजीपर्यंत उभे राहावे, आणि हातांचा आधार न घेता खुर्चीवरून पाच वेळा उठावे. हसू नका, पुढे मोडलेल्या खुब्याचे दुखणे काढण्यापेक्षा हा अभ्यास फार सोपा आहे.

येथे सावधगिरीचाही एक शब्द सांगणे अवश्य आहे. चालताना छातीत दुखू लागले, घेरी आली किंवा श्वास विलक्षण कोंडला तर थांबावे व डॉक्टरांस दाखवावे. मधुमेही माणसाने अनवाणी चालू नये. आणि ज्याने वर्षानुवर्षे काही केले नाही, त्याने पहिल्याच दिवशी प्रतापगड सर करावयास निघू नये. थोडक्यापासून आरंभ करावा व हळूहळू वाढवावे. मुळीच नसण्यापेक्षा थोडे असलेले केव्हाही बरे.

आता ज्यांना देहाची काही उणीव आहे, त्यांच्याकडे वळतो. कारण प्रश्नाची खरी कसोटी तेथेच लागते. कऱ्हाडजवळच्या गोळेश्वरचे खाशाबा जाधव ह्यांनी १९५२ साली हेलसिंकी येथे कुस्तीत कांस्यपदक मिळविले, हे प्रत्येक मुलास पाठ असते, व ते योग्यच आहे. परंतु सांगली जिल्ह्याच्या वाळवा तालुक्यातील पेठ गावचे मुरलीकांत पेटकर किती जणांस ठाऊक आहेत? ते सैन्यात मुष्टियोद्धे होते. १९६५ च्या युद्धात गोळ्या लागून ते पंगू झाले, आणि मग पोहण्याकडे वळले. १९७२ साली जर्मनीतील हायडेलबर्ग येथे अपंगांच्या जागतिक सामन्यांत पन्नास मीटर पोहण्याचे सुवर्णपदक त्यांनी जिंकले. भारताचे ह्या सामन्यांतील ते पहिले सुवर्णपदक. त्याच जिल्ह्याच्या आटपाडी तालुक्यातील करगणीचे सचिन खिलारी ह्यांचा एक हात बाळपणी सायकलवरून पडल्याने अधू झाला. २०२४ साली पॅरिस येथे त्यांनी गोळाफेकीत रौप्यपदक मिळविले. ही नावे मी पदकांसाठी सांगत नाही. नाहीतर पुन्हा मी जिंकणाऱ्यांचीच यादी वाचू लागलो असे होईल. सांगावयाचे ते इतकेच की, ह्या दोघांस कोणी ना कोणी पाण्याकडे व मैदानाकडे नेले. जन्मभर भिंतीवर बसविले नाही.

आणि खेळ बदलता येत नाहीत असे कोठे आहे? आपण आवडीने खेळतो तो व्हॉलीबॉल १८९५ साली अमेरिकेतील वाय. एम. सी. ए. चे व्यायामशिक्षक विल्यम मॉर्गन ह्यांनी शोधून काढला, तो मुळी एवढ्यासाठी की, बास्केटबॉलची धावपळ ज्यांस झेपत नव्हती अशा वयस्क सभासदांसही खेळता यावे. पुढे नेदरलँड्समध्ये हाच खेळ जमिनीवर बसून, जाळे खाली आणून खेळू लागले, व पाय अधू असलेल्यांचा तो आज जागतिक खेळ झाला आहे. एकाने जाळे बांधले, दुसऱ्याने ते खाली ओढले, आणि वाट पाहत बसलेली माणसे खेळात आली. खेळ माणसासाठी आहे. माणूस खेळासाठी नव्हे.

म्हणून शाळेपुढे व पालकांपुढे मी चार सूचना नम्रपणे ठेवतो. व्यायामाचा तास कोणत्याही इयत्तेत, दहावीतही, दुसऱ्या विषयास देऊ नये. माझ्यापासूनच ह्या नियमाचा आरंभ व्हावा. प्रत्येक मुलाची एक लहान वही असावी, व तीत त्याने गेल्या महिन्याच्या स्वतःशीच स्पर्धा करावी. गेल्या महिन्यात दोरीवर दहा उड्या, ह्या महिन्यात पंधरा, ह्यास शाळेने शाबासकी द्यावी. क्रीडामहोत्सवाची मोठी ढाल ज्या वर्गातील सर्वच्या सर्व मुलांनी कोणत्या ना कोणत्या खेळात भाग घेतला, त्या वर्गास मिळावी. मग वर्गातील दांडगी मुलेच दुबळ्या मुलास मैदानात ओढून नेतील, आणि त्याच्यासाठी खेळ कसा बदलावा हेही तीच शोधून काढतील. आणि पावसाळा सरल्यावर महिन्यातून एका शनिवारी सकाळी मुले, आईबाप व आजीआजोबा मिळून पायी फिरावयास निघावे. ज्यास जेथवर झेपेल तेथवर त्याने यावे, व तेथून परतावे. विल्सन पॉइंट गाठणारा आणि चौकातून परतणारा, दोघांचीही त्या दिवशीची हजेरी पूर्ण मांडावी.

ह्यास पैसा लागत नाही, नवे मैदान लागत नाही. लागते ते एवढेच की, कडेस बसलेल्या मुलाकडे आपण पाहावे आणि त्यास नावाने हाक मारावी. मी माझ्या त्या जुन्या विद्यार्थ्यास शनिवारच्या फेरीचे बोलावणे केले आहे. पुष्कळ उशिरा केले, हे मला कळते. विद्यार्थी मित्रांनो, तुमच्या वर्गात असा कोणी भिंतीवर बसलेला असेल, तर माझ्याइतका उशीर तुम्ही करू नका.